रोमँटिक सिंफन्या ऐकायच्या कशा: ब्राम्सची चौथी, पाच रेकॉर्डिंग्ज आणि थोडी चिकाटी

यूट्यूबवर नुसतं ब्राम्स (एकोणिसाव्या शतकातला जर्मन संगीतकार) टाकलं तरी रेकॉर्डिंग्जचा ढीग समोर येतो, मग माणूस गुगल करतो की यातलं बेस्ट कोणतं, तिथे दहा जण दहा नावं सांगतात, शेवटी थंबनेल बरं दिसलं त्यावर क्लिक होतं, पाच मिनिटांत फोन हातात येतो आणि मत तयार होतं की हे पाश्चात्त्य सिंफनी प्रकरण काही आपल्यासाठी नाही. माझं म्हणणं एवढंच की सुरुवातीला बेस्ट शोधूच नका. एक सिंफनी, म्हणजे ऑर्केस्ट्रासाठी लिहिलेली अनेक भागांची मोठी रचना, घ्या, तिच्यातल्या चार-पाच जागा पाठ करा, आणि मग त्याच जागा वेगवेगळ्या रेकॉर्डिंग्जमध्ये ताडून बघा. कान यानेच तयार होतो. पन्नास सिंफन्या एकेकदा ऐकून होत नाही, निदान मी तरी तसा झालेला कुणी बघितला नाही.

पायरी १: सिंफनी एकच, आणि शक्यतो ब्राम्सची चौथी

रोमँटिक काळ म्हणजे ढोबळमानाने बर्लिओझच्या १८३० च्या ‘सिंफनी फँटास्टिक’पासून १९०० च्या आसपासच्या माहलरपर्यंत. यात मेंडेल्सोन, शूमान, ब्राम्स, ब्रुकनर, चायकोव्स्की, द्वोर्झाक सगळे आले.

सगळे सांगतात की द्वोर्झाकच्या नवव्या, म्हणजे ‘न्यू वर्ल्ड’पासून सुरू करा. मी नाही सांगणार. ती सिंफनी सुंदरच आहे, १८९३ मध्ये न्यूयॉर्कला लिहिली आणि त्याच वर्षी डिसेंबरात कार्नेगी हॉलमध्ये पहिल्यांदा वाजली, पण तिच्यातल्या धुना इतक्या पटकन डोक्यात बसतात की कुठलंही रेकॉर्डिंग लावा, छानच वाटतं, आणि मग दोन रेकॉर्डिंग्जमधला फरक कळायची गरजच पडत नाही. ब्राम्सची चौथी तशी लगेच हाती लागत नाही. ई मायनर पट्टीतली, ओपस (म्हणजे प्रकाशित रचनेचा क्रमांक) ९८, १८८४ आणि १८८५ च्या उन्हाळ्यांत ऑस्ट्रियातल्या म्युर्त्सझुश्लाग गावी बसून लिहिलेली. पहिला प्रयोग २५ ऑक्टोबर १८८५ ला जर्मनीतल्या मायनिंगेनला, कंडक्टर, म्हणजे ऑर्केस्ट्राकडून वाजवून घेणारा, खुद्द ब्राम्स. लांबी चाळीस मिनिटांच्या आसपास, चार मूव्हमेंट्स म्हणजे चार भाग, मागे कुठली गोष्ट नाही, चित्र नाही, ऑर्केस्ट्राही काही अवाढव्य नाही. त्यामुळे कंडक्टरने काय केलं ते उघडं पडतं.

आणि पहिल्यांदा ऐकून डोक्यावरून गेली तर वाईट वाटून घेऊ नका. पहिल्या प्रयोगाआधी ब्राम्सने आणि एका पियानिस्ट मित्राने ही सिंफनी दोन पियानोंवर मोजक्या मित्रमंडळींना वाजवून दाखवली होती. तिथे हान्सलिक होता, व्हिएन्नातला त्या काळचा सगळ्यात वजनदार समीक्षक आणि वर ब्राम्सचा कट्टर समर्थक. पहिली मूव्हमेंट संपल्यावर तो म्हणाला म्हणे, की दोन भयंकर हुशार माणसांनी मिळून मला बडवून काढल्यासारखं वाटतंय.

पायरी २: आधी सेटिंग्ज नीट करा

हा भाग कंटाळवाणा आहे, पण केला नाही तर पुढचं सगळं वाया जातं.

ॲपमधलं क्रॉसफेड बंद करा, म्हणजे एक ट्रॅक संपता संपता दुसरा त्यात मिसळतो ते. गॅपलेस, म्हणजे दोन ट्रॅकमध्ये खंड न पाडणारं सेटिंग, चालू ठेवा. आवाज आपोआप सारखा करणारं नॉर्मलायझेशन असतं तेही बंद, कारण या संगीतात हळू आणि मोठा यातलं अंतर हाच अर्धा खेळ असतो. आणि शफल. शफलवर चौथी मूव्हमेंट आधी लागून गेली तर काय बोलणार.

व्हॉल्यूम लावायची पद्धत अशी: आधी शेवटच्या मूव्हमेंटची पहिली पंधरा सेकंदं लावा, तिथे ब्रास (ट्रम्पेट, हॉर्न, ट्रॉम्बोन अशी पितळी वाद्यं) आणि लाकडी वाद्यं (फ्लूट, ओबो, क्लॅरिनेट अशी फुंकवाद्यं) एकदम मोठ्याने येतात, तेवढं कानाला सुखावेल इथपर्यंत आवाज आणा आणि मग सुरुवातीपासून लावून बटणाला हात लावू नका. हळू जागा ऐकू येत नाही म्हणून वाढवायचा आणि मोठी आली की घाबरून कमी करायचा, असं केलंत तर कंडक्टरची सगळी मेहनत तुम्हीच पुसून टाकता. साधे वायरवाले हेडफोन चालतील, लाखाची सिस्टिम लागत नाही. लोकलमध्ये, गाडीत किंवा शेजारी कुकरच्या शिट्ट्या चालू असताना मात्र नको, हळू जागा सगळ्या गायब होतात. रात्री दहानंतर बरं.

पायरी ३: लेबल वाचायला शिका

आपल्याकडे गाणं शोधताना गायकाचं नाव पुरतं. इथे चार गोष्टी लागतात: संगीतकार आणि सिंफनीचा नंबर, कंडक्टर, ऑर्केस्ट्रा आणि रेकॉर्डिंगचं वर्ष. यातलं शेवटचं सगळ्यात फसवं. ॲपवर जे वर्ष दिसतं ते बऱ्याचदा री-इश्यूचं असतं, म्हणजे १९५६ चं रेकॉर्डिंग २०१२ चं म्हणून दिसतं. अल्बमसोबतची पुस्तिका मिळाली तर त्यात खरी तारीख आणि हॉलचं नाव असतं.

कंडक्टर तोच, ऑर्केस्ट्राही तोच, पण रेकॉर्डिंग वेगळं, असंही सर्रास होतं. फुर्टवेंगलर आणि बर्लिन फिलहार्मोनिकची ब्राम्स चौथी १९४३ ची आहे आणि १९४८ चीही, दोन्ही लाइव्ह, दोन्ही वेगळ्या. त्यामुळे कुणी नुसतं ‘फुर्टवेंगलरचं ऐक’ म्हणालं तर कोणत्या सालचं ते विचारून घ्या.

चोरबाजारात वगैरे जुन्या एलपी चाळायची हौस असेल तर अजून एक गंमत. जुन्या रेकॉर्डवर द्वोर्झाकची ‘न्यू वर्ल्ड’ पाचवी म्हणून छापलेली सापडते, कारण त्याच्या सुरुवातीच्या चार सिंफन्या तेव्हा मोजणीतच नव्हत्या. ती पाचवी म्हणजे आजची नववीच, दुकानदाराशी वाद घालू नका. शूमानची चौथीसुद्धा पहिल्यांदा लिहिली १८४१ मध्ये, दुसरी-तिसरीच्या आधी, मग १८५१ मध्ये दुरुस्त केली म्हणून तिला चौथा नंबर मिळाला. नंबरांवर फार विसंबू नये.

पायरी ४: पहिले काही दिवस एकच रेकॉर्डिंग

इथे बहुतेक लोक कार्लोस क्लायबरचं देतात. मी आधी ऑटो क्लेम्पररचं देईन, फिलहार्मोनिया ऑर्केस्ट्रा, १९५६-५७. क्लायबर तुम्हाला असा उचलून घेऊन जातो की आत काय चाललंय ते बघायला उसंत मिळत नाही. क्लेम्परर उगाच पळत नाही, लाकडी वाद्यं पुढे ठेवतो, आणि पहिली व्हायोलिन्स डावीकडे, दुसरी उजवीकडे बसवतो. त्यामुळे हेडफोनवर कोण काय बोलतंय ते वेगवेगळं कळतं.

आता जागा. या पाठ झाल्या पाहिजेत, कागदावर मिनिटं लिहून ठेवलीत तरी चालेल.

पहिली मूव्हमेंट कसलीही प्रस्तावना न करता थेट सुरू होते. व्हायोलिन्स दोन-दोन सुरांच्या जोड्या वाजवतात, एक जोडी खाली, पुढची वर, मध्ये श्वासाएवढी जागा, आणि मागून लाकडी वाद्यं त्यालाच उत्तर दिल्यासारखी ठेक्याच्या मधल्या जागेत येतात. ब्राम्सने आधी याच्यापुढे चार मापांची, म्हणजे तालाच्या चार छोट्या आवर्तनांची, प्रस्तावना जोडली होती आणि नंतर खोडली. रिकार्दो शायीने लाइपझिगच्या गेवांडहाउस ऑर्केस्ट्रासोबत ब्राम्सचा सेट केला, तो २०१३ ला आला, त्यात ही खोडलेली सुरुवात वेगळा ट्रॅक म्हणून दिलीय. एकदा ऐकाच, म्हणजे खोडली ते किती बरं झालं ते कळेल.

साधारण चार मिनिटांनी दुसरी जागा येते. पहिला भाग संपतो आणि तीच सुरुवात जशीच्या तशी परत लागते. त्या काळच्या रीतीप्रमाणे पहिला भाग दोनदा वाजवायचा, म्हणून ऐकणाऱ्याला वाटतं की रिपीट सुरू झाला. पण थोडंसं पुढे गेलं की वाट बदलते, आणि तुम्ही विस्ताराच्या भागात केव्हाच शिरलेले असता. ब्राम्सच्या चार सिंफन्यांपैकी हिच्याच पहिल्या मूव्हमेंटमध्ये रिपीट नाही, आणि हिच्यातच त्याने रिपीटचा असा चकवा दिलाय.

तिसरी जागा सात-साडेसात मिनिटांच्या आसपास, रेकॉर्डिंगप्रमाणे थोडी पुढे-मागे. मूळ धून परत येते, पण ओळखू येत नाही, कारण लाकडी वाद्यं तिचे सूर लांबच लांब करून अगदी हळू वाजवतात, एक तुकडा झाला की सगळं थांबल्यासारखं होतं आणि तंतुवाद्यं खालून धुक्यासारखी काहीतरी कुजबुजतात, मग दुसरा तुकडा. माझ्या मते पूर्ण सिंफनीतली ही सगळ्यात अवघड जागा, कंडक्टरसाठी पण आणि ऐकणाऱ्यासाठी पण. इथे हातातला फोन खाली ठेवा. मूव्हमेंटच्या शेवटी तीच धून खालची वाद्यं गर्जून सांगतात आणि टिंपनी नावाच्या मोठ्या नगाऱ्यांच्या ठोक्यांवर सगळं बंद होतं.

दुसरी मूव्हमेंट हॉर्न एकटे सुरू करतात, जुन्या चर्चसंगीताच्या वळणाने, आणि मग क्लॅरिनेट्स तीच धून घेतात, तेव्हा खाली तंतुवाद्यं बोटाने तारा छेडत असतात. थोड्या वेळाने चेलोंची एक मोठी, उबदार धून येते. तिची वाट बघा, बाकी या मूव्हमेंटला काही समजावून सांगायची गरज नाही.

तिसरी सहा-एक मिनिटांची, दांडगट आणि आनंदी, तिच्यात ट्रायंगल वाजतो. ब्राम्सच्या सिंफन्यांमध्ये ट्रायंगल फक्त इथेच.

आणि चौथी. तीन मूव्हमेंट्स गप्प बसलेले तीन ट्रॉम्बोन आता पहिल्यांदा तोंड उघडतात. आठ मापांत आठ सुरांची एक चढती ओळ येते, ती ब्राम्सने बाखच्या १५० नंबरच्या कांताटाच्या (गायन आणि वाद्यांची चर्चसाठीची रचना) शेवटच्या भागावरून घेतली आणि त्यात एक सूर आपला घातला. पुढचं सगळं त्या आठ मापांवर उभं आहे, तीस वेळा ती ओळ वेगवेगळ्या रूपात येते, कधी वर, कधी तळाशी, कधी इतकी लपलेली की सापडत नाही, आणि मग शेवटचा वेगवान भाग. मोजत बसू नका, निदान पहिल्यांदा. फक्त दोन जागा धरा. अडीच-तीन मिनिटांनी सगळा ऑर्केस्ट्रा ओसरतो आणि फ्लूट एकटी बोलायला लागते, लय तीच ठेवून मापं दुप्पट लांब होतात. ही पहिली. त्यानंतर थोड्याच वेळात ट्रॉम्बोन हळू, प्रार्थनेसारखे येतात, उदास वाटणारा मायनर सूर उजळ मेजर होतो. ही दुसरी. ती प्रार्थना संपली की सुरुवातीचे ते आठ सूर परत आदळतात, तेव्हा दचकायला झालं तर समजा सिंफनी तुमच्यापर्यंत पोचली.

नोटेशन वाचता येत असेल, थोडंफार का होईना, तर आयएमएसएलपी नावाच्या साइटवर स्कोअरची, म्हणजे सगळ्या वाद्यांच्या छापील सुरांची, पीडीएफ फुकट आहे. वाचता येत नसेल तरी फ्लूटच्या त्या जागेचं पान उघडून बघा, बाकी वाद्यांच्या ओळी किती मोकळ्या आहेत ते नुसत्या डोळ्यांनी कळतं.

पायरी ५: आता बाकीची चार काढा

यमनची एकच बंदिश दोन गवयांकडून ऐकली की रागच दोन वाटतात, ते आपल्याला ठाऊक असतं. इथे फरक त्याहून बारीक असतो, कारण सूर सगळे छापलेले, एकही इकडचा तिकडे होत नाही. बदलतं काय, तर वेळ, जोर, आणि कुठलं वाद्य पुढे कुठलं मागे. म्हणून पूर्ण सिंफनी सलग ऐकून तुलना करू नका, चाळीस मिनिटांनंतर आधीचं काय होतं ते आठवत नाही. एक जागा घ्या, दोन मिनिटांची, आणि ती पाचही जणांकडून लागोपाठ ऐका.

सुरुवातीची जोडी घ्या. फुर्टवेंगलरच्या १९४३ च्या रेकॉर्डिंगमध्ये पहिला सूर शांततेतून हळूच उगवतो, तो सुरू कधी झाला तेच सांगता येत नाही, आणि दुसऱ्या सुरावर यायला तो वेळ घेतो. युद्ध चालू असताना बर्लिनच्या रेडिओसाठी टेपवर घेतलेलं हे लाइव्ह रेकॉर्डिंग आहे, मोनो (डावं-उजवं वेगळं ऐकू येत नाही), प्रेक्षक खोकतात, मोठ्या जागा फाटतात. आता क्लायबर, व्हिएन्ना फिलहार्मोनिक, १९८०. तो पहिल्या सुरावर रेंगाळत नाही, धून आधीपासून चालूच होती आणि आपण दार उघडलं असं वाटतं. ब्रूनो वॉल्टर, कोलंबिया सिंफनी ऑर्केस्ट्रा, १९५९, तेव्हा तो ऐंशी ओलांडलेला, कॅलिफोर्नियात राहणारा: इथे राग कमी, माया जास्त, वाक्य पूर्ण करून मगच पुढे. आणि चार्ल्स मॅकेरास, स्कॉटिश चेंबर ऑर्केस्ट्रा, १९९७. छोटा ऑर्केस्ट्रा, व्हायोलिन्स दोन बाजूंना, लाकडी वाद्यांची ती मागून येणारी उत्तरं इतकी स्पष्ट की वाटतं बाकीच्यांनी ती लपवली होती की काय.

मॅकेरासच्या मागे एक विचार आहे. मायनिंगेनचा ऑर्केस्ट्रा जेमतेम पन्नासेक वादकांचा होता, आणि ब्राम्सला तो आवडायचा. आज मोठा ऑर्केस्ट्रा बसला की नुसती तंतुवाद्यंच पन्नासच्या वर जातात, मग दोन फ्लूट आणि दोन ओबो त्यांच्यापुढे टिकणार कसे? नंतरच्या काळात मायनिंगेनचा कंडक्टर असलेल्या फ्रिट्झ स्टाइनबाखच्या पद्धतीच्या नोंदी एकाने लिहून ठेवल्या होत्या, मॅकेरासने त्या वापरल्या. म्हणून त्याची लय लवचिक आहे. जुन्या पद्धतीने वाजवणं म्हणजे मेट्रोनोम लावून वाजवणं असा बऱ्याच जणांचा समज असतो, त्याला हे चांगलं उत्तर आहे.

लयीची दुसरी परीक्षा पहिल्या मूव्हमेंटच्या शेवटी घ्या. फुर्टवेंगलर तिथे असा सुटतो की ऑर्केस्ट्रा त्याच्यासोबत कडेलोटावर धावतोय असं वाटतं. छापील स्कोअरमध्ये वेग वाढवा असं लिहिलेलं नाही. क्लेम्परर तर ढिम्म हलत नाही, त्याच लयीत शेवटपर्यंत जातो, आणि त्याचा परिणाम वेगळाच, भिंत पुढे सरकत यावी तसा. बरोबर कोण? ब्राम्सने आपल्या व्हायोलिनवादक मित्राला, योआखिमला, पत्रात कळवलं होतं की लयीतले काही बदल मी स्कोअरमध्ये पेन्सिलीने लिहिलेत, पहिल्या प्रयोगांना उपयोगी पडतील, पण ते छापायचे नाहीत. म्हणजे त्याला बदल हवेही होते आणि त्यांचा नियम झालेला नकोही होता. मी स्वतः या जागी फुर्टवेंगलरकडे झुकतो, पण रोज ऐकायला तो झेपत नाही, हेही खरंय.

दुसऱ्या मूव्हमेंटच्या सुरुवातीला क्लायबर आणि क्लेम्परर लागोपाठ लावा आणि फक्त हॉर्न ऐका. व्हिएन्नावाले आजही त्यांचा स्वतःचा जुन्या धाटणीचा हॉर्न आणि स्वतःचा वेगळा ओबो वाजवतात, बाकी जगाने सोडून दिलेला. हॉर्नच्या आवाजाला थोडा खडबडीतपणा आहे, मोठ्याने वाजला की धातू चमकतो. एकदा कानात बसला की पुढे कुठल्याही सिंफनीत व्हिएन्ना फिलहार्मोनिक आहे हे डोळे मिटून सांगाल, मित्रांमध्ये भाव खायला बरं पडतं.

फ्लूटच्या जागेत मात्र कंडक्टरपेक्षा वादक ऐका. काही जण प्रत्येक सूर थरथरवतात, काही सरळ ठेवतात. क्लायबर मागचे ठेके इतके हलके ठेवतो की फ्लूट पूर्ण उघड्यावर येते. वॉल्टरकडे ती जरा अधिक सांभाळून घेतलेली वाटते.

क्लायबरच्या रेकॉर्डिंगबद्दल एक सावधगिरी. ते डिजिटलच्या अगदी सुरुवातीच्या काळातलं आहे आणि व्हायोलिन्स वरच्या पट्टीत कधीकधी टोचतात. तुमच्या हेडफोनमध्ये तिखटपणा असेल तर ट्रेबल किंचित उतरवा. वाजवणं असं आहे की एवढं सहन करायला हरकत नाही.

पायरी ६: कुठल्या काळाचं रेकॉर्डिंग, त्यावरून किती अपेक्षा ठेवायची

आर्थर निकिशने बर्लिन फिलहार्मोनिकसोबत बीथोव्हेनची पाचवी १९१३ मध्ये रेकॉर्ड केली, पूर्ण सिंफनीच्या अगदी पहिल्या रेकॉर्डिंग्जपैकी एक. तेव्हा मायक्रोफोन नव्हता, कर्ण्यासमोर दाटीवाटीने बसून वाजवायचं. १९२५ ला इलेक्ट्रिक रेकॉर्डिंग आलं. तरी ७८ आरपीएमच्या तबकडीच्या एका बाजूवर चारेक मिनिटंच मावायची, म्हणजे ब्राम्सच्या चौथीला दहा-बारा बाजू, दर चार मिनिटांनी थांबून वाजवायचं. १९४८ ला एलपी आली आणि वाक्य न तोडता ऐकता येऊ लागलं. १९५८ पासून स्टिरिओ रेकॉर्ड्स दुकानात मिळायला लागल्या.

याचा व्यवहारातला उपयोग असा की १९५० च्या आधीचं काही लावताना स्पीकर किंवा हेडफोनकडून खोली आणि बारकावे मागू नका, लय आणि वाक्यांची वळणं ऐका, तेवढं पुरेपूर मिळतं. पन्नाशीच्या दशकाच्या शेवटापासूनची बरीच स्टिरिओ रेकॉर्डिंग्ज आजच्या तोडीस तोड आहेत, जुनं साल बघून त्यांना टाळू नका. खरखर काढून टाकलेले रीमास्टर दिसले तर दोन वेगवेगळे ऐकून घ्या, कधीकधी खरखरीबरोबर व्हायोलिनचा वरचा भागही धुऊन निघालेला असतो. असं असेल तर मी खरखर निवडतो.

पायरी ७: मग पुढे कुठे

चायकोव्स्कीची सहावी घ्या, ‘पॅथेटिक’. ऑक्टोबर १८९३ मध्ये सेंट पीटर्सबर्गला त्याने स्वतः ती वाजवून घेतली आणि नऊ दिवसांनी तो गेला. रेकॉर्डिंग म्राविन्स्की आणि लेनिनग्राड फिलहार्मोनिकचं, १९६०, व्हिएन्नात घेतलेलं. दोन जागा. पहिल्या मूव्हमेंटच्या मध्यावर आवाज उतरत उतरत जातो, स्कोअरमध्ये तिथे हळू या अर्थाचा ‘पी’ सलग सहा वेळा लिहिलाय, आणि लगेच पुढच्या क्षणी पूर्ण ऑर्केस्ट्रा फुटतो. व्हॉल्यूमचा नियम मोडून कुणी बटण वाढवलं असेल तर त्याची इथे शोभा होते. दुसरी जागा शेवटच्या मूव्हमेंटची अगदी सुरुवात. जी रडवेली उतरती धून ऐकू येते ती खरं तर कुणीच वाजवत नसतं: एक सूर पहिल्या व्हायोलिन्सकडे, पुढचा दुसऱ्यांकडे, असं आळीपाळीने, धून आपल्या कानात जुळते. म्राविन्स्की व्हायोलिन्स दोन बाजूंना बसवायचा, त्यामुळे ती डावी-उजवीकडे थरथरते. दोन्ही गट एका बाजूला बसवले की हा सगळा खटाटोप फुकट, साधी धून ऐकू येते. तिथले ब्रासवालेही ऐका, सोव्हिएत हॉर्न आणि ट्रम्पेट सुराला कंप देतात, पहिल्यांदा विचित्र वाटतं.

द्वोर्झाक आता ऐका, आता फरक कळेल. इश्तवान केर्टेस, व्हिएन्ना फिलहार्मोनिक, १९६१, आणि त्याच्याशेजारी त्याच वर्षीचं कारेल आंचेर्ल आणि चेक फिलहार्मोनिक. बस.

ब्रुकनरकडे वळणार असाल तर आधी आवृत्तीचा घोळ समजून घ्या. हा माणूस स्वतःच्या सिंफन्या पुन्हा पुन्हा लिहायचा, मित्र आणि शिष्य त्यात भर घालायचे, आणि नंतर संपादकांनी आपापल्या आवृत्त्या काढल्या. म्हणून लेबलवर साल आणि हास किंवा नोवाक अशी संपादकांची नावं असतात, ती वाचल्याशिवाय तुलना करू नका. चौथीच्या १८७४ च्या आवृत्तीतली तिसरी मूव्हमेंट आणि नंतरची, शिकारीच्या हॉर्नवाली, हे दोन संपूर्ण वेगळे तुकडे आहेत. सातवीच्या हळू मूव्हमेंटमध्ये सगळ्यात उंच जागी झांज वाजते की नाही यावरून लोक अजून भांडतात: नोवाकच्या आवृत्तीत आहे, हासच्या नाही. मला विचाराल तर वाजू दे बापडी. नववीसाठी आपल्या मुंबईत जन्मलेल्या झुबिन मेहताचं १९६५ चं व्हिएन्ना फिलहार्मोनिकचं रेकॉर्डिंग शोधा, तेव्हा तो तिशीच्याही आतला होता. त्याच ऑर्केस्ट्रासोबतची त्याची माहलरची दुसरी, १९७५ ची, सुद्धा काढून ठेवा, पण ती ऐंशी-एक मिनिटांची आहे, सुट्टीच्या दिवशी ऐका.

बर्लिओझसाठी कॉलिन डेव्हिस आणि आम्स्टरडॅमचा कॉन्सर्टगेबाऊ, १९७४. शूमानसाठी सावालिश आणि ड्रेस्डेन, १९७२. शूमानला ऑर्केस्ट्रा लिहिता येत नव्हता असं कुणी म्हणालं तर त्याला हे ऐकवा.

पायरी ८: एकदा तरी समोर बसून ऐका

मुंबईत नरिमन पॉइंटला एनसीपीएमध्ये (नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्स) सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया आहे, २००६ पासून, आणि त्यांचे सीझन जमशेद भाभा थिएटरमध्ये होतात. प्रोग्रॅम आधी जाहीर होतो, तुम्ही तयार केलेली सिंफनी असेल तर पुण्या-नाशिकहून जायलाही हरकत नाही. जायच्या आठवड्यात रेकॉर्डिंग अजिबात लावू नका, नाहीतर हॉलमध्ये बसून तुम्ही क्लायबरच ऐकत राहाल.

दोन मूव्हमेंट्सच्या मध्ये टाळ्या वाजवायच्या नाहीत अशी आता रीत आहे, पाळा, पण कुणी वाजवल्या तर मान वळवून डोळे वटारू नका. ७ मार्च १८९७ ला व्हिएन्नात कंडक्टर हान्स रिश्टरने हीच चौथी वाजवली, ब्राम्स आजाराने खंगलेला, हॉलमध्ये हजर होता, आणि लोकांनी प्रत्येक मूव्हमेंटनंतर टाळ्यांचा कडकडाट केला. महिनाभरातच तो गेला.

तिकीट काढताना पुढच्या रांगांच्या मागे पैसे घालवू नका, तिथून नुसती व्हायोलिन्स आणि कंडक्टरची पाठ दिसते, मागची लाकडी वाद्यं आणि ब्रास झाकले जातात. बाल्कनीची पुढची रांग घ्या. आवाज तिथे मिसळून येतो, आणि सगळ्यात मागे बसलेले तीन ट्रॉम्बोनवाले अर्धा तास मांडीवर वाद्य ठेवून काय करतात तेही दिसतं.